कार्यालयातल्या काळ्या पट्ट्या

नारळ पायानं सरकवणारा माणूस मंगल कार्यालयाचा मॅनेजर म्हणून किती टिकेल? मला कुणी विचारलं असतं तर मी म्हटलं असतं, पहिल्या लग्नापर्यंत. पण इनडोअर मामा टिकले. मी त्यांना पहिल्यांदा पाहिलं तेव्हा ते पोतं आडवं करून एकेक नारळ तळपायाखाली घेत होते, जरासा मागं ओढत होते आणि हलकेच भटारखान्याकडे सोडत होते. नारळ गडगडत जायचा आणि उंबऱ्यापाशी जाऊन गप उभा राहायचा. मी दारात बॅग घेऊन बघत राहिलो. तेवढ्यात नवरीची आई बाहेर आली.

"आवो, तुमी मानूस हाय का कोन? ओटीच्या नारळाला पाय लावता?"

"चुकलं ताई," मामा म्हणाले. "सवय हाय."

"असली कसली मेली सवय?"

 मामांनी खाली वाकून एक नारळ दोन्ही हातांनी उचलला. दुसऱ्याचं तान्हं मूल अचानक आपल्याकडे दिलं की आपण जसे अवघडतो, तसे ते अवघडले होते. नारळ आत ठेवून आले आणि बाई वळताच उरलेले नारळ पुन्हा पायानं सोडायला लागले.

गॅसची टाकी, पाट, भोपळा, पाण्याचा जार, सगळ्याला मामांचा आधी पाय लागायचा. दार पायानं उघडायचं, खुर्ची पायानं ओढायची. दिव्याचं बटण तेवढं ते हातानं दाबत, तेही नाइलाजानं.

मी मूळचा कवठे येमाईचा. कुरकुंभच्या एका कंपनीत लॅबमध्ये चिकटलो होतो आणि तीन शिफ्टची नोकरी असल्यामुळे रोज घरून ये-जा करणं शक्य नव्हतं. दौंडात खोली शोधत फिरत होतो तेव्हा कुणीतरी सांगितलं की कुरकुंभ रोडच्या कार्यालयात वरपक्षाची खोली भाड्यानं देतात. अट एकच. मुहूर्ताच्या दिवशी खोली नवरदेवाची, बाकीचे दिवस माझी. वधूपक्षाच्या खोलीत मामा स्वतः राहायचे, त्यांनाही तोच नियम. लग्नाच्या दिवशी आम्ही दोघं आपापली वळकटी घेऊन ऑफिसात बसायचो.

ह्या व्यवस्थेनं माझी झोप किती नासली ते माझं मला ठाऊक. तिसरी पाळी करून सकाळी यावं, तर माझ्या गादीवर कुणाचे तरी काका घोरत पडलेले. एकदा त्यातल्या एकानं डोळे किलकिले करून मला विचारलं, "पाव्हनं, तुमी कुनाकडचे?" मी म्हणालो, "खोलीकडचा." उशीखाली सेफ्टी पिना, गजऱ्याची फुलं, एकदा तर कवळी सापडली होती. कवळी मामांनी चार दिवस ऑफिसच्या खिडकीत ठेवली, न्यायला कुणी आलं नाही.

म्हणून मला वाटायचं की मुहूर्त नसलेले दिवस म्हणजे आपली चंगळ. चातुर्मास लागला, कार्यालय ओस पडलं आणि पहिल्याच सकाळी मी पाळी संपवून येऊन मेल्यासारखा झोपलो. तर खालून आवाज. ठप्. थोडी शांतता. ठप्. कानावर उशी घेतली तरी ठप्. शेवटी लुंगी सावरत, भांडायचं ठरवूनच मी खाली उतरलो.

खुर्च्या भिंतीला रचून ठेवल्या होत्या. स्टेजच्या पुढं तेलाच्या डब्यांत मागच्या लग्नातले केळीचे खांब उभे केले होते, पार सुकलेले. आणि पन्नाशीचे मामा अर्ध्या चड्डीत, सपाट तळाचे बूट घालून, चेंडूवर तळपाय ठेवून उभे होते.

"झोपमोड झाली का कुरकुंभ?" ते मला माझ्या नावानं कधीच हाक मारत नसत. "बस जरा. आत्ता संपतंय."

संपलं नाही. मी जिन्याच्या पायरीवर बसलो आणि भांडायचं राहून गेलं. त्यांचा चेंडू उडतच नव्हता. जमिनीला धरून पळायचा. समोर कुणी असल्यासारखं ते पाठ फिरवायचे, तळपायानं चेंडू ओढून घ्यायचे, गर्रकन वळायचे आणि भिंतीकडे पास द्यायचे. भिंत तो परत द्यायची. मग केळीच्या खांबांमधून गोल. प्रत्येक गोलनंतर ते वर गॅलरीकडे बघून हात उंचावायचे. मी मान वळवून पाहिलं. गॅलरीत कुणी नव्हतं.

त्यांचं नाव इनडोअर कसं पडलं हे दौंडात कुणालाही विचारा, सांगतील. खरं नाव विचारलंत तर विचारात पडतील. मामा रेल्वेच्या क्वार्टरात वाढले. वडील पॉइंट्समन होते आणि फुटबॉलचे पक्के शौकीन. रविवारी ड्यूटी नसली की सायकल कुंपणाला टेकवून रेल्वेच्या मैदानावरची मॅच बघत उभे राहायचे. मुलगा खेळायला लागला म्हणून त्यांना कोण आनंद झाला होता. पण मुलगा मैदानात हरवायचा.

"एवढं मोठं ग्राउंड," मामा सांगायचे. "वर आभाळ, बाजूला काय न्हाई. मला उघड्यावर कुठं उभं राहायचं तेच कळायचं न्हाई रे. बापानं बघितलं ते तेवढंच. आन् ते काय बघन्यासारखं न्हवतं."

पुढं पुण्यात कॉलेजला गेल्यावर एका बंदिस्त हॉलमध्ये त्यांनी पाच-पाच जणांचं फुटबॉल पाहिलं. लाकडी जमीन, चारी बाजूंना भिंती, वर छप्पर, आखलेल्या रेषा. त्या दिवशी आपल्याला उभं राहायची जागा सापडली, असं ते म्हणायचे. ही बातमी त्यांनी घरी येऊन सांगितली तेव्हा वडील जेवत होते. वडील म्हणाले, "छपराखाली लग्नं लागत्यात. फुटबॉल खेळत न्हाईत." आणि पुढं भात कालवला.

मामा आधी गोव्यातल्या एका क्लबकडून खेळले, मग आखातात गेले. तिथं ते पगार घेऊन इनडोअर फुटबॉल खेळणारे खेळाडू होते. हा त्यांचा धंदा होता. दर सीझनला नवा करार, एका खोलीत चौघं, त्यात एक मल्याळी आणि दोन ब्राझीलचे. ब्राझीलवाल्यांना मामांनी पिठलं करायला शिकवलं होतं म्हणे. आपल्या खेळाबद्दल ते बढाई मारत नसत. "आमच्या मॅचला मानसं कमी, खुर्च्या जास्त," असं म्हणायचे. मॅच संपली की दिवे घालवायचे, दार लावायचं, आणि बाहेर रस्त्यावर कुणाला पत्ताही नसायचा की आत काही झालं. पेपरात नाव नाही, टीव्हीवर नाही. बरीच वर्षं ते असे बंद दाराआड उत्तम खेळले.

हे सगळं मला मानायला जड गेलं नाही, कारण मी रोज सकाळी डोळ्यांनी बघत होतो. पण इतरांचं काय. शिरूरच्या एका मंडळानं एकदा तालुक्यातल्या नि आसपासच्या खेळाडूंचा सत्कार ठेवला. माझा चुलतभाऊ त्या मंडळात होता, त्याला मीच मामांचं नाव सुचवलं होतं. आम्ही दोघं एसटीनं शिरूरला गेलो. मामांनी इस्त्रीचा शर्ट घातला होता आणि वाटेत दोनदा कॉलर ठीक केली. स्टेजवर नाव पुकारलं गेलं, "ज्यांनी परदेशात इनडोअर खेळात आपल्या भागाचं नाव उज्ज्वल केलं, असे ज्येष्ठ कॅरमपटू..."

मी चुलतभावाकडे बघितलं. त्यानं माझ्याकडे बघून अंगठा दाखवला. घरात बसून खेळायचा खेळ म्हणजे कॅरम नाहीतर बुद्धिबळ, ह्याबद्दल त्याच्या मनात शंकाच नव्हती. मामांना शाल, श्रीफळ आणि कॅरमबोर्डाच्या आकाराचं भिंतीवरचं घड्याळ मिळालं. दोन शब्द बोला म्हटल्यावर ते माईकपाशी गेले आणि म्हणाले, "कॅरमचं मला काय येत न्हाई. पन भिंतीला लागून परत कसं यायचं ते मला कळतं. आभारी हाय." टाळ्या झाल्या. परतताना मी वाटभर चुलतभावाला शिव्या घालत होतो. मामा मांडीवरचं घड्याळ तळहातानं पुसत होते.

"जाऊ दे रे. बघितलंच न्हाई कुनी, तर त्यांनी काय म्हनायचं?"

त्यांच्या खेळात एक नियम आहे. चेंडू बाहेर गेला की तो आत घ्यायला चार सेकंद मिळतात. रेफ्री हात वर करून बोटं मोजतो, सगळ्यांना दिसतील अशी. चार झाली आणि तुम्ही हललाच नाहीत, तर चेंडू समोरच्यांचा. मामांनी हा नियम उचलून सगळ्या आयुष्याला लावला होता. "चहा घेनार?" असं विचारायचे आणि बोटं वर. मी शिफ्टच्या तारेत असायचो, चार होईपर्यंत तोंडातून हो निघायचं नाही, की चहा बंद. भाजीवाली भाव सांगायला घुटमळली की मामा पुढच्या पाटीकडे. बुकिंगला आलेल्या वरबापासमोरही त्यांनी हात वर केला होता. "तारीख पक्की करायची का?" एक, दोन, तीन, चार. वरबाप उठून दुसऱ्या कार्यालयात गेला. मालक आप्पा, पाटसकडचे मोठे ऊस बागायतदार, खवळून आले होते.

"मानूस घरी इचारून सांगतो म्हनला, तर बोटं काय दावतो त्याला? ह्यो काय लिलाव हाय का?"

"नियम हाय आप्पा."

"तुझ्या नियमाला लावा आग. हाकलून दीन एक दिवस."

आप्पांनी हाकललं नाही. कार्यालय बांधताना मामाच देखरेखीला होते, आणि आप्पांचा त्यांच्यावर न बोललेला विश्वास होता. हॉलमध्ये एकही खांब नाही, हे आप्पा येणाऱ्या-जाणाऱ्याला कौतुकानं सांगत. "इंजिनेराला ह्येनंच सांगितलं, मधी खांब घेऊ नको, पंगत सलग बसती. आन् खरंच सलग बसती बघा!" पांढऱ्या फरशीत काळ्या ग्रॅनाइटच्या पट्ट्या बसवून केलेलं डिझाईनही मामांचंच. बायका लग्नात म्हणायच्या, रांगोळीसारखं दिसतं, रांगोळी काढायलाच नको.

मी त्या पट्ट्यांवरून कितीतरी दिवस चपला फरफटत गेलो. एक दिवस गॅलरीत कपडे वाळत घालत होतो, खाली पोरं खुर्च्या उचलत होती, आणि सबंध फरशी एकदम मोकळी झाली. भिंतीपासून जरा आत चारही बाजूंनी एक पट्टी. बरोबर मधोमध आडवी एक. तिच्यावर एक गोल. आणि दोन्ही टोकांना, स्टेजपुढं आणि मुख्य दारापुढं, दोन मोठे अर्धगोल, त्यांच्या तोंडाशी एकेक काळा ठिपका. माझ्या हातातला ओला टॉवेल तसाच राहिला. ते रांगोळीचं डिझाईन नव्हतं. ज्या मधल्या गोलात गेल्या आठवड्यात अंतरपाट धरला होता, तिथून मॅच सुरू करतात.

मी खाली धावत गेलो. मामा ऑफिसात बसले होते, टेबलाखाली पायानं चेंडू इकडून तिकडे करत.

"मामा, आप्पांना माहितेय?"

त्यांनी काय ते लगेच ओळखलं. "न्हाई. आन् तू सांगनार न्हाईस."

"पण कशासाठी? पाच माणसं तरी कुठून आणणार?"

त्यांनी चेंडू तळपायाखाली धरून थांबवला. मग त्यांनी सांगितलं. त्यांच्या घरातल्या एकानंही त्यांना त्यांच्या खेळात खेळताना पाहिलेलं नव्हतं. बाप तर गेला. आई तिकडे फोनवर फक्त जेवलास का विचारायची. बायकोला व्हिसा मिळायचा नाही, मिळाला तेव्हा मुलगी तापानं आजारी. वर्षातून एकदा ते सुट्टीवर यायचे. "माझी सुट्टी आन् पोरीची परीक्षा कायम एकाच महिन्यात." पुढं बायको मुलीला घेऊन पुण्याला भावाकडे राहायला गेली. भांडण काही झालं नव्हतं. शाळेसाठी गेली आणि तिकडेच रुळली. गुडघ्यानं दगा दिला आणि मामा कायमचे परतले तेव्हा मुलगी दहावीत होती आणि त्यांच्याशी पाहुण्यांशी बोलतात तशी अदबीनं बोलत होती.

"आमच्या खेळात मानूस सारखा आत-बाहेर करतो," मामा म्हणाले. "दमला की बाहेर यायचं, दुसरा आत जातो. रेफ्रीला इचारायचंबी न्हाई. जरा दम खाल्ला की परत आत. मला वाटलं, घरातबी तसंच असतं. बाहेर गेलो तरी परत आत जाता येतं."

हातातला ओला टॉवेल मी खुर्चीच्या पाठीवर टाकला. 

"एक दिवस पोरगी येईल. वर गॅलरीत बसंल. मी खाली खेळीन. एवढंच. तिला कळलं पायजे की बाप इतकी वर्षं कुठं होता."

म्हणून ते गोल मारल्यावर वर बघायचे. एवढा मोठा हॉल, शेकडो माणसांच्या पंगती, बँड, अक्षता, आणि सगळा खटाटोप गॅलरीतल्या एका खुर्चीसाठी. त्या दिवसापासून सकाळच्या ठप् ठप् आवाजाची मी तक्रार केली नाही. उलट कधीकधी मीच जाऊन गॅलरीत बसायचो. मामा गोल मारायचे, वर बघायचे, मला पाहून हात अर्ध्यावरच खाली घ्यायचे.

मुलीचा फोन रविवारी संध्याकाळी यायचा. मामा फोन हातात धरत नसत. पायरीवर ठेवून स्पीकर लावायचे, त्यामुळे मला सगळं ऐकू यायचं.

"पप्पा, जेवलात का?"

"जेवलो. तू?"

"हो. गुडघा कसा आहे?"

"हाय तसाच. कवा येतीस इकडं?"

मग पलीकडे शांतता. गाड्यांचे आवाज, कुणाचं तरी हसणं. मामांचा हात वर जायचा. एक बोट, दोन, तीन, चार. "बरं, ठेवतो," म्हणून ते फोन बंद करायचे. दर रविवारी हेच. एकदा मला राहवलं नाही.

"मामा, माणूस विचार करत असतो हो! जरा थांबावं."

"चार झाली की बॉल त्यांचा."

"अहो, इथं समोरचे कोण?"

ते माझ्याकडे बघत राहिले.  पण पुढच्या रविवारीही बोटं चारच झाली.

मुलीचं लग्न ठरलं. मामांना वाटलं होतं, आता तरी ती ह्या हॉलमध्ये उभी राहील. तसं त्यांनी बोलून दाखवलं नाही, पण काळ्या पट्ट्या ते पॉलिशच्या फडक्यानं घासायला लागले होते. "आमच्या बौद्ध लग्नाला मुहूर्त लागत न्हाई," ते मला म्हणाले, "कुठलाबी रविवार चालतो. हॉल काय, मिळंल." मग निरोप आला. पुण्यात, एका लॉन्सवर, मामाच्या घराजवळ. मुलीच्या मामाच्या. आमच्या मामांनी फडकं धुऊन दोरीवर टाकलं.

लग्नाला त्यांनी मला बरोबर नेलं. हिरवं गार लॉन, दिव्यांच्या माळा, वर उघडं आभाळ. बुद्धाच्या आणि बाबासाहेबांच्या प्रतिमांपुढं मेणबत्त्या लावल्या, त्रिशरण-पंचशील झालं, दोघांनी एकमेकांना हार घातले. मामा सबंध वेळ लॉनच्या कडेला, मेंदीच्या कुंपणाला पाठ लावून उभे होते. मी म्हटलं, पुढं चला. ते म्हणाले, "कुठं?" मी बोट दाखवलं, तर त्यांनी त्या दिशेला खरंच नीट बघितलं, जणू तिथं रेष असेल.

मग फोटो. मुलीनं माईकवाल्याला थांबवून स्वतः हाक मारली, "पप्पा, या ना!" सगळे वळून बघायला लागले. स्टेजपर्यंत मोकळं गवत होतं. मामांनी एक पाऊल पुढं टाकलं आणि थांबले. मी त्यांच्या कोपराला धरलं होतं, हात लाकडासारखा झाला होता. फोटोग्राफर घाई करत होता, कुणीतरी मुलीच्या मामांना तिच्या शेजारी ढकललं आणि फ्लॅश पडला. ती अजून आमच्याकडेच बघत होती.

येताना गाडी पाटसला पोचली. तेव्हा मामा म्हणाले, "चार झाली रे. माझ्याकडनंच झाली."

मला त्यांचा राग आला होता आणि त्याहून जास्त वाईट वाटत होतं. मी खिडकीबाहेर बघत बसलो.

त्याच हंगामात, एका लग्नानंतर पुसलेल्या ओल्या फरशीवर, मधल्या गोलातच त्यांचा पाय घसरला. आधीच दुखरा गुडघा पार गेला. डॉक्टरांनी सांगितलं, चालता येतंय ह्यात समाधान माना. सपाट बूट पेटीत गेले. चातुर्मास आला, कार्यालय रिकामं झालं आणि तिसरी पाळी करून मी अंथरुणावर पडलो, तर खालून काही आवाज नाही. मला झोप येईना. ज्या आवाजाच्या नावानं आधी बोटं मोडली होती, त्याची मी वाट बघत पडलो होतो.

आणि त्याच श्रावणात, एका दुपारी, दारात टॅक्सी थांबली. मुलगी एकटीच उतरली. कुठंतरी सोलापूरला निघाली होती, वाटेत थांबली. मामा तिला दारातून आत घेऊन आले आणि हॉलच्या मधोमध उभे राहिले.  मी चहा टाकायला गेलो, पण कान तिकडेच.

"पप्पा, ह्या रेषा कसल्या?" तिनं विचारलं.

तिला पहिल्याच फटक्यात दिसल्या! आप्पांना इतक्या वर्षांत दिसल्या नाहीत, मला कितीतरी महिने दिसल्या नाहीत. मामांनी सांगितलं. ही बाजूची रेष, हा गोल, ही गोलकीपरची जागा, हा पेनल्टीचा ठिपका. लंगडत लंगडत त्यांनी तिला सगळा हॉल फिरवला. ती ऐकत होती आणि पट्टीवर चपलेचं टोक घासत होती.

"म्हणजे तुम्ही हे मुद्दाम बांधून घेतलं?"

"व्हय."

"कशाला?"

मामांनी वर गॅलरीकडे बघितलं. "तू तिथं बसनार व्हतीस."

तिनंही वर बघितलं. मग म्हणाली, "आता बसते की. खेळा."

"आता न्हाई होत बाळा. गुडघा गेला."

कप हातात घेऊन मी जिन्यापाशी थबकलो. पुढं जावं की नको कळेना. मामांनी ऑफिसातून चेंडू पायानं ढकलत आणला. उभ्या जागी तळपाय त्यावर ठेवला, मागं ओढला आणि हलकेच तिच्याकडे सोडला. चेंडू मधला गोल ओलांडून गेला आणि तिच्या पायांपाशी जाऊन थांबला. आता ती पायानं परत देईल असं मला वाटलं. पण तिला ते कुणी शिकवलंच नव्हतं. तिनं वाकून चेंडू उचलला, ओढणीनं पुसला आणि चालत येऊन वडिलांच्या हातात दिला. मामांनी दोन्ही हातांनी घेतला. ह्या वेळी ते अवघडले नाहीत.

टॅक्सीवाल्यानं हॉर्न दिला. ती चहा अर्धाच पिऊन निघाली. दारात चपलेचा पट्टा लावत होती तेव्हा मामांनी विचारलं.

"परत कवा येशील?"

ती पट्टा लावत राहिली. मामांचा हात वर गेला. एक बोट. दोन. तीन. मी मनात म्हटलं, आता चौथं, आणि हे आत निघून जातील. चौथं बोट वर आलं नाही. अंगठ्यानं करंगळी घट्ट दाबून धरली होती. टॅक्सीवाल्यानं पुन्हा हॉर्न दिला. तिनं दुसऱ्या पायाचा पट्टा लावला, उठली, पर्स खांद्यावर घेतली. माझ्या हातातला चहा निवून गेला तरी बोटं तीनच होती.

"दिवाळीत येते," ती म्हणाली.

त्यानंतर माझं लग्न ठरलं आणि शिरूरजवळ नवी नोकरीही लागली. आता मी तिकडेच असतो. पण लग्न आमचं त्याच हॉलमध्ये लागलं, तुळशीच्या लग्नानंतरच्या पहिल्याच तिथीला. कवठ्याहून दोन गाड्या भरून माणसं आली होती. माझ्याच खोलीत मी नवरदेव म्हणून तयार झालो आणि माझ्याच गादीवर माझे काका घोरत होते. मामा प्रत्येक नवरदेवाच्या कानात सांगायचे, "अंतरपाट सरला की चार सेकंदांत हार घाल, न्हाईतर बॉल त्यांचा." मला तसं काही म्हणाले नाहीत. फेटा सारखा करून म्हणाले, "घाई करू नको."

मधल्या गोलात मला पाटावर उभं केलं. समोर अंतरपाट धरला होता, मंगलाष्टकं सुरू झाली होती, अक्षता डोक्यावर पडत होत्या. मामा बाजूच्या पट्टीपाशी उभे होते, चोख रेषेवर. दिवाळी होऊन गेली होती आणि गडबडीत मी त्यांना विचारलंच नव्हतं. मी तिथूनच भुवया उंचावून, ओठ हलवून विचारलं, आली होती का?

भटजी सावधान म्हणाले. फोटोग्राफरला वाटलं मामा त्याला खूण करताहेत, म्हणून तो दोन पावलं मागं सरकला. मामा माझ्याकडेच बघत होते. त्यांनी हात वर धरला होता, करंगळी अंगठ्याखाली दाबलेली, आणि बोटं अजून तीनच होती.